कर्ज फिटलं, पण बोजा उतरला का?

उमेळ्यात आम्ही याआधी दोनदा आलो, दोन्ही वेळा वेदान्तावर बोललो. या वेळी विषय कळवला तेव्हा संयोजकांचा फोन आला. म्हणाले, "सर, तत्त्वज्ञानाचा माणूस आरटीओवर काय बोलणार?" आम्ही म्हटलं, बोलणार इतिहासावरच, पण सुरुवात आरटीओच्या खिडकीपासून करू. कारण हा इतिहास आम्हाला त्या खिडकीसमोर उभं राहिल्यावर सुचला, ग्रंथालयात नाही.

प्रसंग घरचाच आहे. आमचे धाकटे बंधू २०१९ मध्ये गेले. त्यांनी २००९ मध्ये गाडी घेतली होती, पाच वर्षांच्या कर्जावर. शेवटचा हप्ता २०१४ मध्ये भरला. माणूस हिशेबी, एकही हप्ता चुकवला नाही. ते गेल्यावर आमच्या भावजयीने गाडी विकायची ठरवली. मुलीच्या शिक्षणाला पैसे हवे होते. मालक मृत असल्यामुळे गाडी आधी वारसाच्या नावावर करावी लागते, त्यासाठी नमुना ३१ भरावा लागतो. आम्ही दोघे तो भरून गेलो. खिडकीतल्या बाईंनी संगणकात पाहिलं आणि म्हणाल्या, "यावर बोजा आहे. फायनान्स कंपनीची संमती आणा."

भावजय आमच्याकडे वळून म्हणाली, "दादा, यांनी पैसे बुडवले होते का हो?"

मंडळी, त्या प्रश्नासाठी आम्ही आज इथे बोलतो आहोत. पैसे बुडवले नव्हते. घरी फाइलीत बाकी नसल्याचं पत्र होतं, बँकेच्या पासबुकात साठच्या साठ हप्ते होते. पण त्या पत्राच्या तळाशी बारीक अक्षरात लिहिलं होतं की हे पत्र तीन महिनेच ग्राह्य. बंधूंनी ते पत्र कपाटात जपून ठेवलं आणि त्यांना वाटलं, झालं. दरम्यान ती कर्ज देणारी कंपनी दुसऱ्या कंपनीत विलीन झाली. जुना खाते क्रमांक नव्या यंत्रणेत सापडेना. नवं पत्र मिळवायला आम्हाला सात महिने लागले. गाडीचा गिऱ्हाईक तेवढ्यात दुसरीकडे गेला. एका मेलेल्या माणसाची पत सात महिने संगणकातल्या एका ओळीवर अडकून राहिली.

तेव्हा आम्ही स्वतःला विचारलं, कर्ज नेमकं संपतं कधी? पैसे पोचले तेव्हा, की नोंद पुसली गेली तेव्हा?

याचं उत्तर आपल्याकडे फार जुनं आहे. याज्ञवल्क्यस्मृती ही इसवी सनाच्या पहिल्या काही शतकांतली. तिच्या व्यवहाराध्यायात ऋणादानाचं प्रकरण आहे. त्यात कर्जाच्या लेखाबद्दल जे सांगितलंय ते आपल्या शब्दांत ऐका. ऋणको जसजसे पैसे फेडील तसतसं त्याने त्या लेखाच्या पाठीवर लिहावं, नाहीतर धनकोने स्वतःच्या हस्ताक्षराची पावती द्यावी. सगळं ऋण फिटलं की लेख फाडावा, किंवा शुद्धीसाठी दुसरा लेख करून घ्यावा. आणि ज्या कर्जाला साक्षीदार होते ते साक्षीदारांसमोरच फेडावं.

शुद्धी हा शब्द लक्षात घ्या. स्मृतिकाराला माहीत आहे की पैसे दिल्यावरही माणूस व्यवहारात शुद्ध होत नाही. जुना कागद कुणाच्या तरी पेटीत जिवंत आहे, तो उद्या बाहेर येऊ शकतो. म्हणून एकतर तो फाडा, नाहीतर त्याला उत्तर देणारा दुसरा कागद करा. बाकी नसल्याचं पत्र म्हणजे हा दुसरा कागद. आणि साक्षीदारांचा नियम तर याहून सूक्ष्म आहे. कर्ज ज्यांच्या देखत झालं त्यांच्या देखतच ते संपलं पाहिजे. बंद खोलीत दोघांनी हिशेब मिटवला तर तो दोघांपुरता मिटला, बाहेर जग तुम्हाला ऋणकोच समजत राहणार. आमच्या बंधूंचं हेच झालं. कर्ज घेताना परिवहन कार्यालय साक्षीला होतं, फेडताना ते नव्हतं.

आपल्या मराठीतही या दुसऱ्या कागदाला शब्द होता, फारखत. मोकळीक दिल्याचा, आता आपलं काही देणंघेणं उरलं नाही असं सांगणारा कागद. पुढे हा शब्द नवराबायकोच्या काडीमोडाला चिकटला आणि आज फारकत म्हटलं की आपल्याला तेवढंच आठवतं. पण मूळ अर्थ सुटका. 'भरपाई' या शब्दाचंही तसंच, जुन्या मराठीत पूर्ण रक्कम पोचल्याच्या पावतीला भरपाई म्हणत. आज आपण नुकसान झालं की भरपाई मागतो.

आता गहाणाकडे येऊ. धर्मशास्त्रात गहाणाला आधी म्हणतात. त्याचे दोन प्रकार, गोप्याधी म्हणजे नुसती जपून ठेवायची वस्तू आणि भोग्याधी म्हणजे धनकोने वापरायची वस्तू. दोन्हींत वस्तू धनकोच्या ताब्यात जाते. सोनं सराफाकडे ठेवलं की सगळ्यांना कळतं, हातातल्या पाटल्या दिसत नाहीत. आणि पैसे दिले की पाटल्या परत हातात येतात. इथे कर्ज संपलं हे डोळ्यांना दिसतं, वेगळ्या नोंदीची फारशी गरज नाही.

पण काही वस्तू अशा असतात की त्या काढून घेतल्या तर कर्ज फेडायचं साधनच जातं. रोमन कायद्यात हा प्रश्न शेत खंडाने करणाऱ्या कुळांच्या बाबतीत आला. कुळाकडे तारण द्यायला काय, तर बैल, नांगर, अवजारं. ती मालकाने वाड्यात नेऊन बांधली तर शेत कोण नांगरणार? म्हणून वस्तू कुळाकडेच राहू द्यायची, हक्क मात्र मालकाचा राहील, अशी सोय निघाली. तिला ग्रीक नाव पडलं, हायपोथेका. बँकेच्या कागदावर जे हायपोथिकेशन असतं ते इथून आलं. आपल्याकडे त्याला सुंदर नाव आहे, नजरगहाण. ताबेगहाणात ताबा जातो, नजरगहाणात वस्तू तुमच्याकडे आणि सावकाराची नजर तिच्यावर. रिक्षा बँकेत लावून ठेवली तर हप्ता कुठून येणार? म्हणून रिक्षा नजरगहाण.

नजरगहाणात अडचण एकच. वस्तूकडे पाहून ती गहाण आहे हे कळत नाही. तिसरा माणूस फसू शकतो. म्हणून खूण लागते. प्राचीन अथेन्सच्या परिसरात शेतात रोवलेले दगड सापडले आहेत, इसवी सनपूर्व चौथ्या शतकातले. ही जमीन अमक्याकडे अमक्या रकमेला गहाण आहे, असं त्यांवर कोरलेलं आहे. त्याच्याही आधी, इसवी सनपूर्व ५९४ च्या सुमाराला, सोलन अथेन्सचा प्रमुख अधिकारी झाला. त्याने कर्जाखाली पिचलेल्या शेतकऱ्यांची सुटका केली आणि जमिनीत रोवलेले दगड उपटले, असं तो स्वतःच सांगतो. सोलनच्या काळातल्या दगडांचा नेमका अर्थ काय, यावर अभ्यासकांत वाद आहेत. पण आपल्यापुरता मुद्दा असा की सोलनला आपल्या कामाचा पुरावा म्हणून किती लोकांची किती कर्जं माफ झाली ते सांगावंसं वाटलं नाही. दगड काढले, हे सांगावंसं वाटलं.

आता घरी येऊ. अमेरिकेत यादवी युद्ध चालू होतं तेव्हा आपल्या कापसाला सोन्याचा भाव आला होता. १८६५ मध्ये युद्ध संपलं, भाव कोसळले. त्यानंतर दोनच वर्षांनी पुणे जिल्ह्यात सारा वाढवायला सुरुवात झाली. शेतकरी सावकाराकडे गेला, कागदावर अंगठा दिला. जुनं खत नव्यात गुंफलं जायचं, व्याजाचं मुद्दल व्हायचं, आणि दिलेल्या पैशाची पावती मिळेलच याचा भरवसा नव्हता. १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात लोक जमले. तिथून दंगा पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरला. इतिहासात याला दख्खनचे दंगे म्हणतात.

हे दंगे ज्या एका गोष्टीसाठी अभ्यासकांना महत्त्वाचे वाटतात ती अशी. लोकांना धान्य, दागिने, पैसा यांपेक्षा कर्जरोखे हवे होते. सावकाराने रोखे काढून दिले की बऱ्याच ठिकाणी त्याच्या जिवाला हात लागला नाही. रोखे फाडले, जाळले. ज्याला लिहितावाचता येत नव्हतं त्या माणसालाही पक्कं ठाऊक होतं की आपल्या मानेवरचं जू त्या कागदात आहे. याज्ञवल्क्याने ऋण फिटल्यावर लेख फाडायला सांगितलं होतं. इथे ऋण फिटलं की नाही हेच कळायची सोय राहिली नव्हती, म्हणून लेख जाळले गेले. आम्ही जाळपोळीचं समर्थन करत नाही. पण जिथे रीतसर फाडायची वाट बंद होते तिथे काय होतं, ते या दंग्यांनी दाखवलं.

सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांच्या सुटकेचा कायदा आला. आधी पुणे, सातारा, सोलापूर, नगर या चार जिल्ह्यांना तो लागू झाला. त्याने न्यायाधीशाला कागदाच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासायची मुभा दिली. खतं गावच्या नोंदणी अधिकाऱ्यासमोर लिहिली जावीत, पैसे पोचल्याची पावती द्यावी, मागितल्यास हिशेबाचा उतारा द्यावा, असं त्यात होतं. म्हणजे स्मृतीतला पाठीवर लिहायचा नियम इंग्रजीत परत आला! पुढे १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या ६० व्या कलमाने गहाण ठेवणाऱ्याला स्पष्ट हक्क दिला. पैसे दिल्यावर कागद परत मागायचा, आणि गहाणदाराचा हक्क संपला असं त्याच्याकडून लेखी करून घ्यायचा. मात्र हे कलम स्थावरासाठी. आणि इथे मागायचं कोणी, तर कर्जदाराने. हे ध्यानात ठेवा, पुढे लागेल.

वसईत सावकारीला उत्तर सहकाराने दिलं. १९०४ मध्ये सहकारी पतसंस्थांचा कायदा झाला, आणि १९१८ मध्ये आपल्या वसईत कॅथॉलिक सहकारी पतसंस्था उभी राहिली, तीच आजची बॅसीन कॅथॉलिक बँक. तुमच्यापैकी अनेकांच्या आजोबांनी तिथून कर्ज काढलं असेल. आणि जमिनीवर बोजा चढणं म्हणजे काय हे उमेळ्यात कोणाला शिकवायला नको. सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' या रकान्यात सोसायटीचं नाव असतं. आजोबांनी कर्ज फेडलं, बाबांनी दाखला आणला, पण तलाठ्याकडे फेरफार घातला नाही. आज नातू जमीन विकायला जातो तर रकान्यात तीच ओळ. गाडीचं दुखणं हे सातबाऱ्याचंच दुखणं आहे, फक्त त्याला चाकं लागली आहेत.

आता चाकांकडे वळू. हप्त्यावर वस्तू घेण्याचा मोठा कायदेशीर प्रश्न एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी इंग्लंडमध्ये उभा राहिला, तो एका पियानोवरून. हेल्बी विरुद्ध मॅथ्यूज, १८९५. भाड्याने घेतलेला पियानो, सगळे हप्ते भरल्यावर मालकीचा होणार होता. घेणाऱ्याने तो मधेच गहाण टाकला. न्यायालयाने ठरवलं की शेवटचा हप्ता भरेपर्यंत मालक देणाराच, घेणारा नुसता भाडेकरू. याला भाडे-खरेदी म्हणतात. आपल्याकडे स्वातंत्र्यानंतर ट्रक आणि बस या पद्धतीने रस्त्यावर आल्या. पण १९६६ मध्ये सुंदरम फायनान्सच्या खटल्यात आपल्या सर्वोच्च न्यायालयाने कागदाच्या मथळ्यापलीकडे पाहिलं. माणसाने गाडी स्वतःसाठीच घेतली, कंपनीने नुसते पैसे पुरवले, तर कागदावर भाडे-खरेदी लिहिलं तरी तो व्यवहार कर्जाचा आणि गाडी तारण. बाकी भाडे-खरेदीचा स्वतंत्र कायदा १९७२ मध्ये संसदेने केला, पण तो कधी अमलात आलाच नाही, आणि २००५ मध्ये रद्द झाला.

मोटारींच्या नोंदणीत कर्जाची ओळ आली ती १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात १९६९ मध्ये झालेल्या दुरुस्तीने. पुढे १९८८ चा कायदा आला, तो १ जुलै १९८९ पासून लागू झाला. त्याचं ५१ वं कलम म्हणजे आपल्या गाडीच्या कपाळावरचा दगड. नोंदणी प्रमाणपत्रावर कर्ज देणाऱ्याचं नाव लिहायचं, त्यासाठी नमुना ३४. त्याच्या संमतीशिवाय गाडी दुसऱ्याच्या नावावर होणार नाही. करार संपल्याचा पुरावा दिला की नोंद रद्द, त्यासाठी नमुना ३५. आणि हप्ते थकल्यामुळे कंपनीने गाडी ताब्यात घेतली तर तिला स्वतःच्या नावाचं प्रमाणपत्र मागता येतं, तो नमुना ३६.

तत्त्वज्ञानाच्या विद्यार्थ्याला या कायद्यातली 'मालक' या शब्दाची व्याख्या वाचून मौज वाटेल. कलम २, उपकलम ३०. गाडी नजरगहाण असेल तर मालक कोण? ज्याच्या ताब्यात ती त्या कराराखाली आहे तो. म्हणजे अपघात झाला, कर भरायचा आहे, दंड आला, तर पहिल्या दिवसापासून मालक तुम्ही. विकायचं म्हटलं तर शेवटचा हप्ता भरल्यानंतरही, नमुना ३५ पोचेपर्यंत, मालकी अर्धवट. जबाबदारी आधी येते आणि मोकळीक सगळ्यात शेवटी. यात कोणाचा दुष्टपणा नाही. नोंद ठेवण्यात कर्ज देणाऱ्याचा स्वार्थ असतो, म्हणून तो ती पहिल्या दिवशी करतो. पुसण्यात त्याचा काही फायदा नसतो, म्हणून ते काम तो तुमच्यावर सोडतो. सुप्याच्या सावकारापासून वातानुकूलित कचेरीपर्यंत ही गोष्ट फारशी बदलली नव्हती.

बदल झाला तो अलीकडे. १३ सप्टेंबर २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने एक परिपत्रक काढलं. वैयक्तिक कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांत बँकेने किंवा वित्तसंस्थेने मूळ कागद परत द्यायचे आणि नोंदवलेला बोजा उतरवायचा. तिच्यामुळे उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये कर्जदाराला द्यायचे. १ डिसेंबर २०२३ पासून हे लागू आहे. कर्जदार मरण पावला तर वारसांना कागद कसे परत देणार, याची पद्धत ठरवून ती संकेतस्थळावर लावायची, हेही त्यात आहे. हे वाचलं तेव्हा आम्हाला भावजयीचा चेहरा आठवला. चार वर्षं उशिरा आलं, पण आलं. इतिहासाच्या दृष्टीने पाहाल तर पुसण्याची जबाबदारी स्पष्टपणे लिहिणाऱ्यावर टाकली गेली, आणि तिला दिवसाचा दर लावला गेला.

तरीही गाफील राहू नका. आता घरगुती सांगतो. शेवटचा हप्ता गेला की त्याच आठवड्यात कर्ज देणाऱ्याकडून दोन गोष्टी मागा, बाकी नसल्याचं आणि हरकत नसल्याचं पत्र, आणि त्याच्या सहीशिक्क्याचा नमुना ३५, दोन प्रती. त्यातलं नाव, इंजिन आणि चासीचे क्रमांक आपल्या आरसी बुकाशी अक्षरन् अक्षर ताडून घ्या. मग परिवहन खात्याच्या संकेतस्थळावर अर्ज करा, फी भरा, आणि मूळ आरसी, विमा, पीयूसी यांसह कागद पोचवा. लोक याला 'एचपी उतरवणं' म्हणतात. नवीन आरसी हातात आली की त्यावर कंपनीचं नाव नाही ना, ते तिथेच बघा. शेवटी विमा कंपनीला कळवा, कारण विम्याच्या कागदावरही कर्ज देणाऱ्याचं नाव असतं, आणि गाडी चोरीला गेली तर पैसे आधी त्याच्याकडे वळू शकतात. हे उतरेपर्यंत कर्ज संपलं असं म्हणू नका.

(श्रोत्यांतून प्रश्न: सर, माझी रिक्षा आहे. ते दिवसाला पाच हजारांचं मला लागू आहे का?)

दादा, प्रश्न अगदी मर्मावर बोट ठेवणारा आहे. परिपत्रक वैयक्तिक कर्जांसाठी आहे. घरच्या वापराच्या गाडीचं कर्ज त्यात येतं. धंद्यासाठी घेतलेल्या वाहनाचं कर्ज रिझर्व्ह बँकेच्या वर्गवारीत त्यात धरत नाहीत. म्हणून तुमच्यासाठी ३० दिवसांचा तो दर धरून चालू नका. पण नमुना ३५ चा हक्क तुमचाही तितकाच आहे. अर्ज लेखी द्या, पोच घ्या, दाद मिळाली नाही तर संस्थेच्या तक्रार अधिकाऱ्याकडे आणि त्यानंतर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. ज्याचं पोट त्या वाहनावर आहे त्यालाच संरक्षण कमी, हे आम्हालाही पटत नाही. रोमन कुळाच्या नांगरापासून नजरगहाण ज्याच्यासाठी निघालं तो तुम्हीच, तेव्हा पुढची दुरुस्ती तुमच्यासाठी व्हायला हवी, आणि ती तुम्ही मागायला हवी.

थांबतो. भावजयीला शेवटी नवीन आरसी मिळाली. तिने ती आधी बंधूंच्या फोटोसमोर ठेवली. आम्ही तिला विचारलं नाही, पण आम्हाला वाटतं की तिच्या त्या प्रश्नाचं उत्तर तिला तेव्हा मिळालं. आज घरी गेल्यावर प्रत्येकाने आपलं आरसी बुक उघडून पाहा, आणि आईवडिलांचंही.